आमच्या गावकऱ्यांना, नेपाळी घरातल्या मुलीचं खुलं पत्र

प्रति,
गावकरी मंडळ, सर्व मानकरी, वाडीप्रमुख,
तसेच सरपंच व सदस्य, ग्रामपंचायत,
जिल्हा रत्नागिरी.

सविनय नमस्कार.

गावाचं नाव मी मुद्दाम लिहिलेलं नाही. गावाची बदनामी करायची नाही, आणि ज्यांना हे वाचायला हवं त्यांना पत्र कोणाचं आहे हे लगेच कळेल. ग्रामपंचायतीत आणि गावकरी मंडळाकडे आधी लेखी अर्ज दिले होते. पोच मिळाली, उत्तर मिळालं नाही. आता गणपतीला मुंबईहून चाकरमानी येतील, त्यांतल्या निम्म्यांना गावात काय ठरलंय हे ठाऊकही नाही. म्हणून सगळ्यांसमोर लिहिते आहे.

माघात देवळात बैठक झाली. त्याआधी दुसऱ्या तालुक्यात एका बागेत गुन्हा घडला होता, त्यात नेपाळी कामगारावर संशय होता आणि गावात भीती होती. ती भीती खोटी होती असं मी म्हणत नाही. पण त्या रात्री जे ठरलं ते त्या गुन्हेगाराबद्दल नव्हतं, आमच्याबद्दल होतं. शिमग्यात देवाची पालखी नेपाळ्यांच्या बिऱ्हाडी न्यायची नाही, त्यांची ओटी घ्यायची नाही. वाडीच्या स्मशानात बाहेरच्याचं प्रेत जाळू द्यायचं नाही. दिवेलागणीनंतर नेपाळ्यांनी रस्त्यावर, विहिरीवर, देवळाच्या आवारात जमायचं नाही. हा कागद वाडीवाडीत फिरला. त्यावर ग्रामपंचायतीचा शिक्का नाही, पण सरपंच बैठकीला बसले होते आणि अंमल सगळ्यांनी मिळून केला.

आषाढात माझे वडील वारले. त्यामुळे या कागदातलं दुसरं कलम आमच्या घरावर सगळ्यात आधी लागू झालं.

मी कोण, हे गावाला सांगायची गरज नाही, बाहेरच्या वाचकांसाठी सांगते. माझे आईवडील नेपाळच्या सुदूर पश्चिमेतल्या अछाम जिल्ह्यातले. डोंगरउतारावरची तुटपुंजी शेती वर्षभर पुरत नाही, म्हणून तिकडचे पुरुष पिढ्यान् पिढ्या हिंदुस्थानात कामाला येतात. वडील आधी मुंबईला आले, मग कोणाच्या तरी ओळखीने रत्नागिरीला, आणि हापूसच्या बागेत राखणेला राहिले ते कायमचे. बरेच नेपाळी पावसाआधी घरी जातात. खलाशी तर जातातच, कारण १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. आम्ही मात्र बागेतल्या मांगरातच, म्हणजे राखणदाराच्या खोपटातच, राहिलो. माझा जन्म इथला, शाळा जिल्हा परिषदेची, मराठी माध्यम. कविता पाठ केल्या त्या मराठी, भांडले ती मराठीत, देवापुढे हात जोडल्यावर मनात जे बोलते तेही मराठीतच येतं. आज मी एका आंबा कॅनिंगच्या कारखान्यात हिशेब बघते.

तरी मी परदेशी आहे. कायदा स्पष्ट आहे. १ जुलै १९८७ पासून पुढे भारतात जन्मलेल्या मुलाला आई किंवा वडील भारतीय असल्याशिवाय जन्माने नागरिकत्व मिळत नाही. मला मत नाही, आणि ते मी तुमच्याकडे मागतही नाही. अछामला गेले की तिथल्या बायका माझ्या बोलण्याला हसतात, देउडा गाताना मला पुढची ओळ येत नाही, तिथेही मी पाहुणीच. या दोन्हीची मला सवय झाली आहे. परकेपण सोसता येतं, देव आपला असेल तर. माझ्या आईने ते तसंच सोसलं, आणि तिचा देव कोणी काढून घेईल असं तिला कधी वाटलं नव्हतं.

आईबद्दल थोडं सविस्तर लिहिते, कारण बैठकीत कोणीतरी म्हणालं की यांचे देवधर्म वेगळे, यांना आपल्या देवाशी काय घेणं.

आमच्या अछामकडे भाद्रपदाच्या सुमारास गौरा करतात. पाच धान्यं तांब्याच्या भांड्यात भिजत घालतात, त्यांना बिरुडा म्हणतात. गहू, उडीद, वाटाणा त्यात असतात आणि कुळीथही असतो, तोच कुळीथ ज्याची पिठी तुम्ही पावसाळाभर खाता. बायका उपास धरतात. शेतातून, ओढ्याकाठून रोपं तोडून आणतात, त्यांची गौरा बांधतात, टोपलीत ठेवून डोक्यावरून घरी आणतात. गळ्यात दूर्वा गुंफलेला दोरा बांधतात. मग हात धरून फेर धरतात आणि रात्रभर गातात. शेवटच्या दिवशी कापडात फळं घालून ती वर उडवतात, ज्याला झेलता येईल त्याचं वर्ष चांगलं.

आई इथे आली त्या पहिल्या पावसात तिने पाहिलं की वाडीतल्या बायका पाणवठ्यावर जातात, तेरडा उपटून आणतात, खडे घेतात, गौर घरात आणतात आणि रात्री फुगड्या घालतात. ती मांगराच्या दारात उभी राहून बघत होती. वाडीतल्याच एका आजीने तिला हाताला धरून आत नेलं. आजी आता नाहीत. त्यांनीच तिला गौरीपुढे वाहायचं ओवशाचं सूप कसं भरायचं ते शिकवलं, आणि पुढे आईने आपला बिरुडा भिजवला की पहिली वाटी त्यांच्या घरी जायची. आमच्या मांगरात दर वर्षी दोन गौरी असायच्या, एक तेरड्याची आणि एक अछामच्या रीतीची. तिकडची रोपं इथे मिळत नाहीत, म्हणून आई जे हिरवं हाताला लागेल ते घेते. तिला त्यात कधी अडचण वाटली नाही.

नवरात्राचंही तसंच. तुमच्याकडे घटाखाली माती पसरून धान्य रुजवतात. आमच्याकडे दसैंला जव रुजवून जमरा करतात, आणि विजयादशमीला घरातला मोठा माणूस कपाळाला दही-तांदळाचा टिळा लावून तो जमरा डोक्यावर ठेवतो. वडील ते करायचे. पहाटे आमच्या डोक्यावर जमरा ठेवून झाला की ते आंघोळीच्या ओल्या केसांनीच देवळात जायचे आणि थोडा जमरा ग्रामदेवतेच्या पायरीवर ठेवून यायचे. गुरवांनी तो कधी झाडून टाकला नाही. अछामला आमचा कुळदेव मष्टो. धामीच्या अंगात तो येतो आणि बोलतो. इथे देवळात कोणाच्या अंगात देवाचा अवसर आला की वडील हात जोडून खाली बसायचे. हे त्यांना ओळखीचं होतं, कोणी समजावून सांगावं लागलं नाही.

आई तिकडचं सगळंच घेऊन आली असंही नाही. अछाममध्ये छाउपडी आहे, पाळीच्या दिवसांत बाईने घराबाहेर गोठ्यात नाहीतर कुडाच्या खोपट्यात राहायचं. नेपाळच्या सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये ती बंद करायला सांगितली, २०१७ मध्ये कायद्याने तो गुन्हा ठरला, तरी बायका थंडीने, धुराने, सापाने मेल्या. आईने ती रीत सीमेवरच टाकली. मला तिने एकही दिवस बाहेर बसवलं नाही. देवावर श्रद्धा ठेवून काय जपायचं आणि काय सोडायचं हे न शिकलेल्या माझ्या आईला कळलं, म्हणून मला वाटतं की गावालाही कळू शकेल.

आता तक्रारी एकेक करून सांगते.

पहिली पालखीची. आमच्या मांगरात पालखी येत होती. बाग मालकांची, पण अंगण आई सारवायची, रांगोळी मी काढायचे, ओटीचा नारळ वडील स्वतः निवडायचे. मानकरी गाऱ्हाणं घालायचे. त्यात मालकांचं नाव व्हायचं, त्यांच्या मुंबईतल्या मुलांचं व्हायचं, आणि मग बागेत राखणेला असलेल्या लेकराला, त्याच्या बायकापोरांना सांभाळ, त्यांच्या वाटेत आडवं येईल ते दूर कर, असंही व्हायचं. सगळे 'व्हय महाराजा' म्हणायचे. लहानपणी मला ते वाक्य ऐकल्यावर रात्री बागेत भीती वाटायची नाही.

यंदा फाल्गुनात ढोल बागेच्या गडग्यापर्यंत आले आणि वळून गेले. आईने अंगण सारवलेलं होतं. तिला कोणी सांगितलंच नव्हतं, आणि मला सांगायचं धाडस झालं नाही. मानकऱ्यांना मला एवढंच विचारायचं आहे: ज्याला तुम्ही इतकी वर्षं देवाच्या पदरात घातलंत, त्याला तिथून काढताना देवाला विचारलंत का? गावात विहिरीची जागा ठरवायची तरी कौल लावतात. देवळाचा रंग बदलायचा तरी प्रसाद घेतात. हा निर्णय घेताना कौल लावला नव्हता, हे बैठकीला बसलेल्यांनीच मला सांगितलं. मग तो देवाचा निर्णय नाही. तो त्या रात्री तिथे बसलेल्या माणसांचा आहे.

दुसरी तक्रार स्मशानाची, आणि ती लिहिताना मला जड जातं.

वडील बागेत आळी करून खत घालत होते. छातीत कळ आली. आरोग्य केंद्रात नेईपर्यंत संपलं होतं. पाऊस थांबत नव्हता. भाऊ खलाशी आहे, बंदीच्या काळात तो अछामला गेला होता. तिथून धनगढी, मग दिल्ली, मग कोकण रेल्वे, तो दोन-तीन दिवसांत पोचणं शक्य नव्हतं. मयत घरी आणलं. मालकांनी वाडीप्रमुखांना विचारलं. उत्तर आलं, माघात ठरलंय, आता मोडता येत नाही. संध्याकाळपर्यंत मांगरात वडिलांना ठेवून आम्ही वाट बघितली, कोणाचं तरी मन वळेल म्हणून. शेवटी मालकांनी टेम्पो आणला आणि आम्ही शहरातल्या स्मशानात गेलो. तिथल्या माणसाने दाखला बघितला आणि फक्त एवढंच विचारलं, अग्नी कोण देणार? मी दिला.

वाडीत कोणीही गेलं की घरटी लाकूड जायचं, त्यात आमच्या मांगराचं लाकूड असायचं. वडील रात्री-अपरात्री उठून गेले आहेत, पावसात चिता पेटत नसताना रॉकेलचा डबा आणि सुकी शेणी घेऊन उभे राहिले आहेत. शिमग्यात होळीचं झाड रानातून आणताना त्यांच्या खांद्यावर त्याचं वजन होतं. हे मी उपकार म्हणून मोजत नाही. तेही मोजत नव्हते. गावात राहणारा माणूस हे करतो असं त्यांना वाटायचं.

आणि ते स्मशान वाडीच्या खाजगी मालकीचं नाही. वरची शेड, चौथरा, जाळी हे जनसुविधेच्या सरकारी अनुदानातून झालं. तसा फलक तिथे लावलेला आहे. सार्वजनिक पैशातून उभ्या राहिलेल्या जागेत कोणाचं प्रेत जळेल हे गावकी ठरवू शकत नाही. ग्रामपंचायतीने त्या दिवशी आपल्या मालमत्तेचा ताबा घ्यायला हवा होता, तो घेतला नाही. सरपंचकाका, मी फोन केला होता. तुम्ही म्हणालात, 'बघतो.'

त्याच रात्री एक बाई मागच्या वाटेने पिठलं-भात घेऊन आल्या. सुतकाच्या घरात चूल पेटत नाही, शेजाऱ्यांनी अन्न द्यायचं ही गावची रीत. त्यांनी ती पाळली, पण लपून. त्यांना लपावं लागलं हे मला फार लागलं. या निर्णयाने गावातल्या चांगल्या माणसांनाही स्वतःच्या गावात चोरासारखं चालायला लावलं आहे.

तिसरी तक्रार दिवेलागणीच्या हुकमाची. बागेत पाण्याचा पंप बंद पडला तर बायका विहिरीवर कधी जाणार? आजारी पोराला घेऊन रात्री बाहेर पडलं तर कोणाला सांगून जायचं? मे महिन्यात आंबा काढून, पेंढा घालून पेट्या भरेपर्यंत रात्र होते, आणि तेव्हा त्याच रस्त्याने नेपाळी माणसं डोक्यावर पेट्या घेऊन टेम्पोपर्यंत जातात. तेव्हा कोणी अडवत नाही. कामाच्या वेळी चालणारा माणूस देवळाच्या पायरीवर बसला की धोक्याचा होतो, हे मला समजत नाही.

ग्रामपंचायतीच्या वहीत आमची नोंद आहे, त्याबद्दलही बोलायला हवं. त्यात वडिलांच्या नावाच्या जागी 'नेपाळी' लिहिलं आहे आणि पुढे बागमालकाचं नाव. खाली सह्या करणाऱ्या शिपायापासून ग्रामसेवकापर्यंत सगळ्यांना वडिलांचं नाव येत होतं.

भीतीबद्दल मी टाळाटाळ करणार नाही. बागा लांबलांब आहेत, गावात म्हातारी माणसं एकटी राहतात, मुलं मुंबईत. अनोळखी माणूस हंगामाला येतो, कुठून आला ते कळत नाही. ही काळजी खरी आहे आणि माझ्या आईलाही आहे. नवीन आलेला टोळका बागेत उतरला की रात्री दाराला कडी तीही लावते. त्यावर उपाय आहे. प्रत्येक कामगाराची नेपाळी नागरिकता, म्हणजे तिकडचं ओळखपत्र, त्याच्याकडे असतं. ते बघा, फोटो घ्या, पोलीस ठाण्यात माहिती द्या. मालकांनी ती दिलीच पाहिजे. ऑक्टोबरात बागांची कामं सुरू होतात आणि माणसं येतात, तेव्हा गावात एक दिवस नोंदणी ठेवा. मी स्वतः बसेन, अर्ज लिहून देईन, नेपाळीतलं मराठीत करून देईन. पण ज्याची ओळख आहे, ज्याचं नाव गाऱ्हाण्यात घेतलं गेलं, त्याच्या मयताला अडवून कोणाचं घर सुरक्षित झालं?

कायद्याचा आधारही सांगून ठेवते, कारण बैठकीत 'परदेशी माणसाला हक्क नाहीत' असं म्हटलं गेलं. ३१ जुलै १९५० रोजी भारत आणि नेपाळ यांच्यात मैत्रीचा करार झाला. त्याच्या सातव्या कलमात दोन्ही देशांनी एकमेकांच्या नागरिकांना राहण्याचा, मालमत्तेचा, व्यापाराचा, हिंडण्याफिरण्याचा अधिकार मान्य केला आहे. आणि भारताच्या राज्यघटनेत काही हक्क फक्त नागरिकांचे आहेत, काही इथे असणाऱ्या प्रत्येक माणसाचे. कलम १४ मधली कायद्यापुढची समानता, कलम २१ मधला जगण्याचा हक्क आणि कलम २५ मधला आपला धर्म पाळण्याचा हक्क हे दुसऱ्या प्रकारातले आहेत. ज्यांनी घटना लिहिली त्यांनी श्रद्धेसाठी पासपोर्ट मागितला नाही. गावकीने वाळीत टाकण्याची प्रकरणं आपल्या कोकणात, विशेषतः रायगडात, इतकी झाली की महाराष्ट्राला सामाजिक बहिष्काराविरुद्ध वेगळा कायदा करावा लागला. तो ३ जुलै २०१७ पासून लागू आहे. तो आम्हाला कितपत लागू होतो हे वकील सांगतील. मला त्या वाटेने जायचं नाही, म्हणून तर हे पत्र.

रत्नागिरीला परका माणूस नवा नाही. ब्रह्मदेशाचा राजा थिबा याला इंग्रजांनी १८८६ मध्ये इथे कैदेत आणून ठेवलं. तो बौद्ध होता, इथली भाषा, इथलं अन्न, काही त्याचं नव्हतं. १९१६ मध्ये तो इथेच वारला आणि त्याची समाधी रत्नागिरीतच आहे. २०१२ मध्ये म्यानमारचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष थेन सेन त्या समाधीचं दर्शन घ्यायला इथवर आले होते. थिबाची नात टूटू इथेच राहिली, इथल्या माणसाशी लग्न करून मराठी बोलत म्हातारी झाली. तिकडे अलिबागच्या बाजूला बेने इस्राएल लोक शतकानुशतके तेलाचे घाणे चालवत राहिले, शनिवारी काम बंद ठेवायचे म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणायचे. शेजारच्यांनी त्यांचा शनिवार मोडला नाही. त्यांची सिनेगॉग अलिबाग, रेवदंडा, पेण इथे अजून आहेत.

आणि भागोजीशेठ कीर तर आपल्याच रत्नागिरीचे. देवळात सगळ्या जातींना मुक्त प्रवेश असावा म्हणून १९३१ मध्ये त्यांनी पतितपावन मंदिर बांधून दिलं. मुंबईत दादरला शिवाजी पार्कजवळची स्मशानभूमी त्यांच्या दानातून झाली, आजही ती त्यांच्या नावाने आहे. आपल्या गावचे कितीतरी चाकरमानी तिथे जळले. मुंबईत तेही बाहेरगावचेच होते. त्यांना शेवटची जागा मिळावी याची काळजी रत्नागिरीच्या एका माणसाने केली.

चाकरमान्यांनो, आता तुमच्याशी. गावातल्या जवळजवळ प्रत्येक घरातलं कोणी ना कोणी दुबईत, मस्कतला, कुवेतला आहे. मोहल्ल्यातले आहेत, वाडीतलेही आहेत. २०२४ च्या फेब्रुवारीत अबूधाबीत मोठं हिंदू मंदिर उघडलं, त्याची जमीन तिथल्या शासकांनी दिली, तेव्हा आपल्या गावात पेढे वाटले होते. आम्हीही खाल्ले. दुबईत जेबेल अलीला हिंदूंच्या दहनाची सोय आहे. तुमच्यापैकी कोणाच्या खोलीत गणपती बसतो, शेजारचा मल्याळी आरतीला येतो, ते फोटो आम्ही फोनवर बघतो. परमुलखात आपला देव बरोबर असणं म्हणजे काय हे तुम्ही जाणता. गाऱ्हाण्यात आजही तुमची नावं घेतात, कारण तुम्ही लांब आहात. मला कोणाला लाजवायचं नाही. माघातल्या बैठकीला तुम्ही नव्हतात, तुम्हाला विचारलं गेलं नाही, आणि येत्या बैठकीला तुम्ही असणार आहात. तेव्हा बोला.

शाळेबद्दल एकच वाक्य: आपल्या शाळेचा पट ज्या मुलांमुळे टिकून आहे त्यांतली बरीच बागांतली आहेत, आणि ती आता शाळेत विचारतात की पालखी आपल्याकडे का येत नाही.

माझ्या मागण्या अशा.

स्मशानाचा निर्णय ग्रामपंचायतीने लेखी रद्द करावा. गावाच्या हद्दीत ज्याचा मृत्यू होईल, तो कुठलाही असो, त्याला त्याच्या रीतीने दहनाची किंवा दफनाची जागा मिळेल असा ठराव १५ ऑगस्टच्या ग्रामसभेत घ्यावा आणि तो फलकावर लावावा. ही बाब देवापुढे ठेवण्याची नाही, गावकीच्या बैठकीची नाही, ग्रामपंचायतीच्या अखत्यारीतली आहे. यात मी तडजोड करणार नाही. ठराव झाला नाही तर जिल्हाधिकारी कार्यालयात अर्ज देईन, हे आधीच सांगते, म्हणजे मागून केलं असं वाटायला नको.

दिवेलागणीचा हुकूम मागे घ्यावा. त्याऐवजी ऑक्टोबरात नावागावासह, फोटोसह नोंदणी करावी. जुन्या वहीत जिथे 'नेपाळी' लिहिलंय तिथे माणसांची नावं घालावीत. माझ्या वडिलांचं नाव, ते आता नसले तरी, त्यात असावं.

पालखीचं मी वेगळं मागते, कारण तिथे मला हक्क सांगायचा नाही. देव गावाचा आहे, पालखी मानकऱ्यांच्या खांद्यावर असते, आणि ती कोणाच्या दारी न्यायची हा मान तुमचा आहे. मी एवढंच म्हणते की हा प्रश्न देवापुढे ठेवा. रीतसर गाऱ्हाणं घाला, कौल लावा, आणि गुरव व बाराही मानकरी हजर असताना लावा. आईला आणि मला मांडवाबाहेर उभं राहू द्या. जो कौल येईल तो आम्ही मान्य करू.

आणि या भाद्रपदात आईला पाणवठ्यावर गौर आणायला जाऊ द्या. वडील गेल्यामुळे यंदा आमच्याकडे सण नाही, पण तिला वाडीतल्या बायकांबरोबर तिथपर्यंत जायचं आहे. बागांतल्या इतर नेपाळी बायकांना बिरुडा करायचा आहे, त्यांना विहिरीजवळची नेहमीची जागा मिळावी. रात्री दहापर्यंत गातील, नंतर उठतील. कोणाला त्रास होत असेल तर मला फोन करावा, मी स्वतः थांबवेन.

भाऊ ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात बोटीवर जायला परत येतो आहे. १५ तारखेला तो आणि मी ग्रामसभेला येऊ. आम्हाला मत नाही हे माहीत आहे, सरपंचांनी परवानगी दिली तर पाच मिनिटं बोलू, नाही दिली तर मागे उभे राहून ऐकू. या पत्राची प्रत मी गटविकास अधिकाऱ्यांना दिली आहे आणि एक देवळात गुरवांकडे ठेवली आहे.

आपली,
बागेतल्या मांगरातली,
गावच्या शाळेची माजी विद्यार्थिनी